पंधरावा गडी

५ जानेवारी

आधी सगळ्यांच्या तब्येती. शाळा मी चौदाव्या वर्षी सोडली. त्यानंतर जे काही लिहिलं ती पत्रंच, इंग्लंडात गेलेल्या भावांना. आईची शिस्त अशी, की एकेकाची विचारपूस झाल्याशिवाय कागदावर दुसरी गोष्ट चढवायची नाही. वहीला ते लागू आहे की नाही ठाऊक नाही, पण हात दुसऱ्या वाटेनं जातच नाही.

तर, उजव्या गुडघ्या, तू कसा आहेस? काल चर्चच्या पायऱ्या उतरताना कुरकुरलास, पण घरी पोचवलंस. बिडी, तू कशी आहेस? शेगडीपाशी पसरलेली दिसतेस, म्हणजे बरी आहेस. तेरा वर्षांच्या कुत्रीनं याहून जास्त काय करावं. टॉसी, तुझा दमा कसा आहे? डेलिया, तुझं विचारत नाही, आजारी पडायला तू कुणाची परवानगी घेणार? नॉरीन, आपला संसार सोडून तुला जाऊन मार्चमध्ये दोन वर्षं होतील. तिकडे ओल नसावी. इकडे आहे, मागच्या खोलीच्या कोपऱ्यात, तू म्हणायचीस तिथेच. कॉरमॅक, बाळा, तू कसा आहेस? हे तू वाचणार नाहीस म्हणून विचारतो. समोर बसलास की आपण दोघं पावसाबद्दल बोलतो.

ही वही डेलियानं दिली. डेलिया मुलकीन आमच्या डूनाकिल क्लबची एकतीस वर्षं चिटणीस आहे. म्हणाली, "फिनी, आता मॅनेजर झालास. काही डोक्यात ठेवू नकोस, तिथे जागा नाही. लिहून ठेव."

मॅनेजर झालो तो असा. डिसेंबरच्या सभेत अध्यक्षांनी विचारलं की येत्या वर्षी आमच्या आयरिश फुटबॉलचा संघ कोण सांभाळणार, तेव्हा मी मागे स्वयंपाकघरात चहाचे कप धूत होतो. नॉरीन गेल्यापासून चार माणसांत मला एवढंच काम जमतं. खांद्यावर टॉवेल टाकून बाहेर आलो तर टाळ्या. मला वाटलं कपांसाठी. माझ्या जुन्या दोस्ताकडे, टॉसीकडे, प्रशिक्षकाची दोन सर्टिफिकिटं आहेत, दिवाणखान्यात फ्रेम करून लावलेली. पण त्यानं हात वर केला नाही. खाली वाकून नाडी बांधत बसला. बिननाडीचे बूट घातले होते त्यानं.

माझी लायकी म्हणाल तर अठरा वर्षं मी उजव्या कोपऱ्यात बचावाला खेळलो. अठरा वर्षांत एक गुण केला नाही. माझ्या हद्दीत मात्र पुष्कळांनी केले. ज्यांना मी अडवायचो त्यांच्यातले तिघं पुढे काउंटीच्या, म्हणजे जिल्ह्याच्या, संघात गेले, म्हणजे माझ्यावर सराव करून गेले.

आणि वेळ अशी, की गेल्या वर्षी आम्ही तळाला होतो. पोरं कामासाठी सिडनीला, टोरोंटोला निघून चालली आहेत. सभेत ठरलंय, की यंदा गट टिकवला तर ठीक, खालच्या गटात घसरलो तर क्लब बंद. उरलेल्यांनी शेजारच्या बॅलिनार क्लबमध्ये जायचं, त्यांचा लाल शर्ट घालायचा. माझ्या बापाच्या शवपेटीवर आमच्या क्लबचा हिरवा-पांढरा शर्ट होता. नॉरीनच्याही. तिनं आयुष्यात चेंडूला पाय लावला नाही, पण तीस वर्षं ते शर्ट धुतले.

१२ फेब्रुवारी

उद्या लीगचा पहिला सामना. आमच्या खेळात गडी पंधरा, म्हणून पंधरा नावं लिहायला बसलो. चौदा झाली दहा मिनिटांत. पंधराव्याला दुपार गेली.

तिथे माझा मुलगा कॉरमॅक यायला हवा. तेहतीस वर्षांचा आहे, धाव थोडी कमी झाली आहे. पण बारा वर्षं क्लबच्या सगळ्या फ्री किक तोच मारतो, डाव्या पायानं, जमिनीवरून. आडव्या दांडीखालून जाळीत गेला तर तीन गुण, वरून गेला तर एक. कॉरमॅक तो एक गुण असा काढतो की जणू फळीवरून साखरेचा डबा काढतोय.

पण माझ्या डोळ्यांपुढे मास्तर लॅव्हेल उभे राहतात. आमच्या वेळचे मॅनेजर. आपले तिन्ही मुलगे खेळवायचे. त्यांतल्या धाकट्याला चेंडू सोडा, उभी बसही पकडता आली नसती. चाळीस वर्षं झाली, मास्तर जाऊन वीस झाली, तरी दुकानात अजून कोणीतरी म्हणतंच, मास्तरांचं घर आणि उरलेला संघ. माझ्याबद्दल कोणी असं म्हणता कामा नये. मॅनेजरनं न्यायानं वागावं, आणि न्याय करायचा तर घरापासून सुरुवात करावी.

पंधरावा म्हणून मूरांचा किलियन घातला. वीस वर्षांचा आहे. हरणासारखा पळतो. कुठे, ते अजून कळलेलं नाही.

१३ फेब्रुवारी

कॉरमॅकला आधी एकट्याला सांगायला हवं होतं. सकाळी तो मला घ्यायला गाडी घेऊन आला. सहा मैलांत आम्ही पावसाबद्दल बोललो. मग शर्ट बदलायच्या खोलीत मी नावं वाचली. पंधरावं नाव वाचल्यावर खोलीत कोणी खोकलं नाही, टॉसीसुद्धा. कॉरमॅकनं वर पाहिलं, मग खाली पाहिलं, मग पाण्याच्या बाटल्यांचा क्रेट उचलून बाहेर नेला.

सात गुणांनी हरलो. न्याय झाला.

परत येताना तोच गाडी चालवत होता. पाऊस थांबला होता, त्यामुळे बोलायला काही उरलं नव्हतं.

१३ मार्च

नॉरीनचा दिवस. सकाळी तिच्यासाठी प्रार्थना होती, दुपारी सामना.

शेवटच्या मिनिटाला आम्ही एका गुणानं मागे, आणि समोरच फ्री किक मिळाली. वीस यार्डांवर, माझी आई मारू शकली असती. आमचा कप्तान ओरन ग्रीली चेंडूपाशी उभा राहिला आणि माझ्याकडे बघू लागला. बाकीचे चौदाही. मैदानाच्या कडेला कॉरमॅक, कोणी न सांगता अंगातला कोट काढून पाय मोकळे करत होता. मी कोपऱ्यातल्या झेंड्याकडे बघितलं. झेंडा चांगला फडकत होता.

ओरननं मारली. चेंडू नदीत गेला.

नंतर कॉरमॅक क्रेटमध्ये बाटल्या भरत होता. म्हणाला, "बाबा, मंगळवारपासून सरावाला येणं जमणार नाही. काम आहे." तो वायरमन आहे आणि नाताळापासून त्याच्या हातात एक काम नाही. मला ते माहीत होतं. मला ते माहीत आहे हे त्यालाही माहीत होतं. मी म्हणालो, बरं.

नॉरीन, आज तू असतीस तर मला कपांसकट धुतलं असतंस.

३ एप्रिल

तिसरा रविवार. तीन जणांचं डुकराचं मांस आणि कोबी शिजवतो, सवयीनं. एक वाटा मी खातो, दोन बिडी. ती एकटीच या हंगामात तब्येतीनं सुधारली आहे.

जेवायला ये म्हणून फोन करावा असं दोनदा वाटलं. पण मग त्याला वाटेल की मी नमलो, आणि गावाला वाटेल की आता त्याला संघात घेणार. मॅनेजरच्या फोनला वजन असतं. तसं मी स्वतःलाच सांगतो आणि फोनकडे पाठ करून बसतो. गाव याबद्दल काय म्हणतं ते मी अजून कोणाला विचारलेलं नाही. विचारलं तर न्यायात ढवळाढवळ होईल.

१९ एप्रिल

मैदान खराब होतंय. गोलासमोर, वीस-पंचवीस यार्डांवर, गवत उकरलेलं सापडतं. छोटे खड्डे, सगळे चेंडू ठेवायच्या जागेच्या एकाच बाजूला. सोमवारी नवे, गुरुवारी नवे. शेडमधले चेंडूही सकाळी ओले असतात. टॉसीला म्हणालो, शेजारच्या हॉरनच्या मेंढ्या कुंपणातून येत असणार. त्यानं खड्ड्यांकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाला, "मेंढ्या आणि शेडमधले चेंडू?"

म्हटलं, चेंडू ओले होतात ते छप्पर गळतं म्हणून.

मी फाटकाला मोठं कुलूप आणून लावलं. दुसऱ्या दिवशी ते गायब. डेलियाच्या स्वयंपाकघरात खिडकीत दिसलं, वर जिरॅनियमची कुंडी ठेवलेली. म्हणाली, "फाटक उघडंच राहू दे, फिनी. मेंढ्यांना पण व्यायाम लागतो." ही बाई एकतीस वर्षं क्लब कशी चालवते कळत नाही.

५ जून

चॅम्पियनशिपचा, म्हणजे गट टिकतो की नाही ते ठरवणाऱ्या स्पर्धेचा, पहिला सामना जवळजवळ चुलीत गेला. वेळेवर तेराच जण हजर. एकाची गाय व्यायली होती, एक झोपला होता. पंच शिट्टी फुंकणार एवढ्यात डेलियानं नियमांचं पुस्तक काढलं आणि मला लहान मुलासारखं समजावलं, की तेरा जणांवर सुरुवात करता येते, पण उत्तरार्ध सुरू व्हायच्या आत पंधरा गडी मैदानात उतरलेले असले पाहिजेत. चौदा म्हणजे सामना गेला, मग गुण कितीही असोत.

गायवाला आला. झोपलेल्याला ओरनची बहीण आणायला गेली, ती त्याला पायजम्यावरच घेऊन आली. कसाबसा बरोबरीत सोडवला.

सामन्याआधी पंचांना खेळाडूंची यादी द्यायची असते. डेलिया ती तयार करते, मी तिच्या गाडीच्या टपावर ठेवून खाली सही करतो. चष्मा नेहमी दुसऱ्या कोटात असतो. वाचायचं काय त्यात? नावं मीच तर दिलेली असतात.

१७ जुलै

आज दुकानात पावासाठी रांगेत उभा होतो. पुढे मिसेस मूर. म्हणाल्या, कॅनडात, कॅलगरीला थंडी फार असते म्हणे, कॉरमॅकला लोकरीचे मोजे विणून देते. मी म्हणालो, हो, द्या की. असं म्हणालो जणू मला एक वर्षापासून माहीत आहे. पाव न घेताच घरी आलो.

नोव्हेंबरमध्ये जाणार आहे. कागदपत्रं झाली आहेत. गावातल्या शेवटच्या माणसालाही कळलं आहे, कारण शेवटचा माणूस मी.

१९ जुलै

सरावाला अकरा जण. मी त्यांना एका ओळीत उभं केलं आणि मी काय बोलणार होतो ते विसरलो. ओरन म्हणाला, "फिनी, तुम्ही बरे आहात ना? आम्ही आपले पळतो, तुम्ही बघा." पळाले बिचारे. मी बघितलं. गोलासमोर नवे खड्डे होते.

२८ ऑगस्ट

गटातला शेवटचा सामनाही हरलो. यंदा चॅम्पियनशिपमध्ये एकूण फ्री किक चुकल्या एकोणीस. टॉसीनं मोजल्या. मी विचारलं नव्हतं. त्यानं आकडा सिगारेटच्या पाकिटावर लिहून माझ्या खिशात घातला. दम्याच्या माणसाकडे सिगारेटचं पाकीट कशाला, असं मी विचारलं. तो म्हणाला, विषय बदलू नकोस.

आता ९ ऑक्टोबरला किलफार्नशी निर्वाणीचा सामना. हरेल तो घसरणार. आम्ही हरलो तर नुसते घसरणार नाही, संपणार.

मी टॉसीला म्हणालो, निदान कोणी असं म्हणणार नाही की फिनीनं आपल्या मुलाला खेळवलं. टॉसी म्हणाला, "नाही, असं कोणी म्हणत नाहीये." आणि बराच वेळ खोकला.

२ ऑक्टोबर

मोजदाद. संघातल्या एकाचं लग्न, म्हणून नवरदेव आणि त्याचा भाऊ पोर्तुगालला. डूनाकिलमध्ये कोणी शहाणा माणूस हंगामात लग्न ठरवत नाही, पण नवरी बॅलिनारची. किलियनचं खांद्याचं हाड मोडलं, पळता पळता शेवटी कुंपणावर पोचला. उरले चौदा, आणि डोनल टायमन. तो डब्लिनला पोलिसात आहे, रात्रपाळी करून थेट येईन म्हणाला. म्हणजे पंधरा. बरोबर पंधरा.

माळ्यावरून माझे बूट काढले. शहाऐंशी सालचे. नुसतं आपलं, असावेत म्हणून. स्वयंपाकघरात घालून दोन पावलं टाकली. बिडी उठून बाहेर गेली.

कॉरमॅकला विचारायचा विचार आला होता, नाकारत नाही. पण ज्याला आधी बाकावर बसवलं, मग घरीही बसू दिलं, त्याला आता गरज पडली म्हणून हाक मारायची? तो नाही म्हणाला तर? त्याहून वाईट म्हणजे हो म्हणाला तर? मग फेब्रुवारीपासून मी काय करत होतो?

९ ऑक्टोबर

सगळं नीट लिहून ठेवतो. उद्या मला खरं वाटणार नाही.

सामना काउंटीच्या मोठ्या मैदानावर होता. शर्टांवर डेलियानं तीर्थाचं पाणी शिंपडलं. मी यादीवर सही केली, चष्मा दुसऱ्या कोटात. डोनल आला नव्हता. चौदा जणांनी सुरुवात केली. समोरच्या मातीच्या चढावर माणसं उभी होती. त्यांत अगदी टोकाला, एकटा, हात खिशात घातलेला कॉरमॅक. मी त्याच्याकडे बघितलं नाही, अशी दोन-तीनदा खात्री करून घेतली.

मध्यंतराला आम्ही चार गुणांनी मागे होतो. चौदा जणांत ते वाईट नाही. खोलीत पोरं संत्र्याच्या फोडी चोखत होती, एवढ्यात डोनलचा फोन आला. वाटेत लाँगफर्डपाशी गाडीचा गिअरबॉक्स गेला. तो रस्त्याच्या कडेला उभा राहून रडत होता, सहा फूट दोन इंच पोलीस.

दहा मिनिटांत पंधरावा गडी उतरला नाही तर सामना किलफार्नचा. ओरननं बुटांकडे बघत विचारलं, "आता?"

मी म्हणालो, मी उतरतो.

कोणी हसलं नाही, हे त्यांचं थोरपण. मी बूट घातले. मग पंधरा नंबरचा शर्ट डोक्यातून घातला. तो गळ्यापर्यंत नीट आला, काखेपर्यंत कुरकुरत आला, आणि पोटावर येऊन थांबला. मी खाली ओढतोय, टॉसी मागून ओढतोय. हात दोन्ही वर, एक कोपर गळ्याच्या भोकात. अशा अवस्थेत दार वाजवायची तसदी न घेता डेलिया आत आली.

तिनं मला बुटांपासून वरपर्यंत बघितलं. मग म्हणाली, "फिनबार हेरटी, तुझी खेळाडू म्हणून नोंदणी संपून बावीस वर्षं झाली. तू मैदानात पाय ठेवलास की सामना तिथेच गेला."

मी शर्टाच्या आतून म्हणालो की मग तू सांग, पंधरावा आणू कुठून.

"यादीतून आण. चोवीस नंबर. कॉरमॅक हेरटी. प्रत्येक सामन्याच्या यादीत होता तो, फेब्रुवारीपासून. तू सही करतोस ते कागद वाचतोस तरी का?"

पोरांच्या चेहऱ्यांकडे बघितलं. एकालाही नवल वाटलेलं दिसलं नाही.

डेलियानं आवाज खाली आणला. "शिट्टी झाल्यापासून तो तिथे उभा आहे. सगळ्या काउंटीसमोर स्वतःचं हसं करून घेणं तुला चालतं, आणि मुलाला विचारणं चालत नाही?"

मी तसाच बाहेर पडलो. शर्ट काढायचा प्रयत्न केला, पण तो आता वरही जाईना. मैदानाच्या कडेनं, हात अर्धे वर, पोट उघडं, पायात पंचवीस वर्षांपूर्वीचे बूट, अशी माझी मिरवणूक सगळ्या चढासमोरून गेली. कोणीतरी शीळ घातली. किलफार्नचं एक लहान मूल आईला विचारत होतं की त्या माणसाला पोलिसांनी पकडलंय का.

कॉरमॅकसमोर उभा राहिलो. पावसाचं काही बोलावं असं क्षणभर वाटलं. आभाळ कोरडं होतं.

म्हणालो, "बूट आहेत का तुझ्याकडे?"

"गाडीत आहेत."

"आज आणलेस?"

"मार्चपासून आहेत, बाबा."

पुढे काय बोलायचं ते मी कोणाकडून शिकलेलो नाही. म्हणालो, "मला तुझी गरज आहे." मग घाईनं म्हणालो, "संघाला." मग म्हणालो, "नाही, आधी म्हणालो तेच."

तो म्हणाला, "आधी तो शर्ट काढा. उभे राहा नीट. हात वर."

मी हात वर केले. त्यानं दोन्ही बाजूंनी शर्ट धरला, हळूच फिरवला, माझं कोपर मोकळं केलं आणि डोक्यावरून ओढून काढला. तो पाच वर्षांचा असताना मी त्याचे ओले शर्ट असेच काढायचो, शेगडीपाशी उभा करून. शर्ट माझ्या घामानं भिजला होता. त्यानं तो झटकला आणि तसाच अंगात घातला.

उत्तरार्ध सुरू झाला तेव्हा आम्ही पंधरा होतो.

पहिली फ्री किक त्यानं बाहेर मारली. मी मनात म्हणालो, सात महिने चेंडूला पाय नाही, दुसरं काय होणार. आजूबाजूची आमची माणसं मात्र अजिबात घाबरलेली दिसली नाहीत. त्यानं चिमूटभर गवत उडवून वारा बघितला. नंतरच्या चारही दांडीवरून, एकेक गुण. प्रत्येक वेळी चेंडू ठेवायचा, डावी टाच जमिनीत एकदा रुतवायची, तीन पावलं मागे. बरोबरी झाली. मग शेवटच्या मिनिटाला कडेच्या रेषेपाशी फ्री किक मिळाली, इतकी तिरकी की तिथून दोन खांबांमध्ये वीतभर फट दिसत असेल.

ओरननं या वेळी माझ्याकडे बघितलंच नाही. चेंडू सरळ कॉरमॅकच्या हातात दिला.

मी झेंड्याकडे बघितलं नाही. एवढंच यंदाच्या हंगामातलं माझं मॅनेजरपण. साखरेचा डबा फळीवरून आला. एका गुणानं आम्ही राहिलो.

नंतर गर्दीत तो माझ्याजवळ आला. म्हणाला, वारा डावीकडून होता. मी म्हणालो, हो, पाऊस येणार. दोघंही बराच वेळ तिथेच उभे राहिलो.

१६ ऑक्टोबर

जेवायला आला. बिडीला एकच वाटा मिळाला. ती माझ्याशी बोलत नाहीये.

१३ नोव्हेंबर

शॅननला त्याला विमानात बसवून आलो. त्याची गाडी आता माझ्याकडे. तो म्हणाला, रोज नको, पण आठवड्यातून एकदा सुरू करत जा. येताना लिमरिकपाशी पाऊस लागला. छत्रीसाठी डिकी उघडली. छत्री नव्हती. डिकी बंद केली आणि भिजत उभा राहिलो.

४ डिसेंबर

वार्षिक सभा झाली. या वेळी मी कप धुवायला गेलो नाही. संघ कोण सांभाळणार म्हटल्यावर मी हात वर करतोय तोवर टॉसीचा आधीच वर होता, माझं नाव सुचवायला. नंतर त्याला विचारलं की गेल्या वर्षी स्वतः का नाही उभा राहिलास. म्हणाला, "तू दोन वर्षं घराबाहेर पडत नव्हतास, फिनी. मी तर रोज पडतो." मग नाडी बांधायला वाकला. आज खरंच नाडी होती.

कॉरमॅकला आज पत्र लिहिलं. फोनवर पाऊस आणि बर्फ एवढंच होतं. पत्राची नक्कल इथे उतरवून ठेवतो.

"प्रिय कॉरमॅक,

तुझा खोकला कसा आहे? मिसेस मूरचे मोजे पुरतात का? तुझ्याबरोबर खोलीत राहणारा तो केरी काउंटीचा मुलगा बरा आहे ना, आणि आता घोरायचा थांबला का? इथे बिडी बरी आहे, तुझी वाट दाराशी बघते, रविवारीच. टॉसीचा दमा जसा होता तसा. डेलियानं कुलूप परत दिलं. आता त्याची गरज नाही म्हणाली.

खरंच नाही. मैदानावरचे खड्डे बुजले. गवत सारखं झालं, बघवत नाही. तिथे येणारी मेंढी डावखुरी होती, हे मला ९ ऑक्टोबरला कळलं. सगळ्या गावाला एप्रिलपासून माहीत होतं.

मला मास्तर लॅव्हेल व्हायचं नव्हतं. त्यांनी आपली मुलं खेळवली म्हणून लोक हसले, आणि मी तुला खेळवलं नाही म्हणून रडले. पण मास्तरांकडे रविवारी जेवायला तिघं असायचे. हे मी बारा फेब्रुवारीला लिहून ठेवायला हवं होतं.

आता मुद्द्याचं. तुझी गाडी दर रविवारी प्रार्थनेनंतर सुरू करतो, दहा मिनिटं. डिकीत तुझे बूट आहेत. मी हात लावलेला नाही, चिखलही तसाच आहे, मोठ्या मैदानावरचा. तू विसरून गेलास की ठेवून गेलास, ते मला कळत नाही. विसरला असशील तर पुसून, कागद भरून कॅलगरीला पाठवतो. ठेवून गेला असशील तर तिथेच राहू देत.

यादी मी आता चष्मा लावून बघतो. चौदा नावं झाली आहेत. पंधरावी ओळ मोकळी ठेवली आहे. डेलिया म्हणते, कागद फेब्रुवारीत द्यायचा. तेव्हा लवकर लिही. एकच ओळ लिहिलीस तरी चालेल, पण आधी तब्येतीचं लिही.

तुझा,
बाबा"